मातीत आवाज आणि काळ साठवणारं काल्पनिक तंत्रज्ञान: कथेसाठी आकडे तपासून हवेत

नादखापर

एका दीर्घ विज्ञानकथेसाठी तंत्रज्ञान रचतोय. कल्पना अशी: सातवाहनकाळात तेरच्या (आजच्या धाराशिव जिल्ह्यातल्या प्राचीन नगरातल्या) एका कारागिराने बोललेला आवाज मातीच्या भांड्यात साठवायची पद्धत शोधून काढली. भांडं म्हणजे सरळ नळकांडं, व्यास २० सेंमी, उंची २५ सेंमी. ते चाकावर मिनिटाला १०० फेऱ्यांनी फिरतं. माणूस कर्ण्यात बोलतो, कर्ण्याच्या निमुळत्या टोकाला पडदा, पडद्याला काटा, आणि काटा ओल्या मातीत वरून खाली मळसूत्री खाच ओढत जातो. नंतर भांडं भाजायचं. १,८०० वर्षांनी उत्खननात ते सापडतं आणि वाचलं जातं.

चमत्कार नको आहे. तंत्र काल्पनिक असलं तरी पदार्थविज्ञान खरं हवं. विचारायचं ते असं: (१) हे सगळं उपकरण लागेलच का? कुंभार बोलत असताना नुसत्या बोटाने आवाज उमटला, असं दाखवता येईल का? (२) भाजल्यावर खाच टिकेल का? (३) किती वेळाचं बोलणं मावेल? (४) ऐकणाऱ्याला मूळ वेग कसा कळणार? (५) आवाज 'कधी' साठवला, हे त्याच भांड्यातून कळू शकेल का? शेवटचे दोन प्रश्न कथेचा कणा आहेत.

आवाभट्टी

पहिल्या तीन प्रश्नांतला मातीचा भाग घेतो.

नुसत्या बोटाने आवाज उमटणार नाही. ही कल्पना जुनी आहे. रिचर्ड वुडब्रिज यांनी १९६९ मध्ये 'प्रोसीडिंग्ज ऑफ द आयट्रिपलई' मध्ये पत्र लिहून भांड्यावरून चाकाची घरघर आणि रंगाच्या फटकाऱ्यातून एक शब्द ऐकल्याचा दावा केला होता. चाकाची घरघर एक वेळ समजू शकते, कारण ती घन भागातून थेट हातापर्यंत पोचते. हवेतून येणाऱ्या बोलण्याचा हिशेब मात्र फार क्षीण निघतो. एक मीटरवरून नेहमीच्या आवाजात बोललं, तर हवेचा दाब ०.०२ पास्कलने हलतो आणि १,००० हर्ट्झला हवेचे कण जेमतेम ८ नॅनोमीटर सरकतात. चिकणमातीचा एक कण २,००० नॅनोमीटरपर्यंत असतो. म्हणजे कर्णा आणि पडदा हवाच. तोंड कर्ण्याला लावून मोठ्याने बोललं, तर पडद्यावर ६ ते २० पास्कल मिळतील. ५ सेंमी व्यासाच्या पडद्यावर त्याचा जोर १ ते ४ ग्रॅम वजनाइतका होतो. एवढ्या जोरावर अर्धवाळली माती कापली जात नाही. म्हणून खाच भांड्याच्या अंगात काढू नका, वर दिलेल्या ताज्या पातळ लेपात काढा.

आता माती कोणती. तेरच्या आसपासची काळी माती घेतलीत तर कथा तिथेच तडकेल. ती फुगते आणि वाळताना इतकी आक्रसते, की लेप खवल्यांसारखा सुटतो. सातवाहनकाळातल्या केओलिनच्या मूर्ती तेरला सापडल्या आहेत, तेव्हा पांढरी माती तिथल्या कारागिराच्या हाताशी दाखवायला हरकत नाही. पण नुसतं केओलिन ८५० अंशांना कच्चंच राहतं. बोट फिरवलं तर भुकटी लागते, आणि ती भुकटी म्हणजे तुमचा आवाज. नदीच्या लालसर गाळातला सर्वांत बारीक भाग त्यात निम्म्याने मिसळा. त्यातलं लोह आणि पोटॅशियम कमी तापमानाला कणांना एकमेकांशी जखडतं.

'बारीक भाग' कसा काढायचा, हे कथेत नीट दाखवा, कारण सगळं यश इथे आहे. एक भाग कोरडी माती, साधारण चार भाग पाणी. त्यात लाकडाच्या राखेची निवळ थोडी थोडी घालायची. क्षारामुळे कणांचे गोळे सुटतात आणि प्रत्येक कण आपापला बुडतो. (आज हेच करायचं तर कोरड्या मातीच्या वजनाच्या ०.३ ते ०.५ टक्के धुण्याचा सोडा.) राख मात्र सरळ पाण्यात टाकू नये. तिच्यातला चुना उलटं काम करतो, गोळे बांधतो. ढवळून भांडं न हलवता ठेवायचं. २० अंशांच्या पाण्यात २ मायक्रॉनचा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) कण ताशी सुमारे १.३ सेंमी बुडतो. म्हणजे आठ तासांनी वरच्या १० सेंमी पाण्यात त्याहून मोठा कण उरत नाही. आपल्याकडच्या ३० अंशांच्या पाण्यात सव्वासहा तास पुरतात. वरचे १० सेंमी नळीने ओढून घ्यायचे आणि सावलीत आटवून सायीइतके दाट करायचे. भांडं ढकललं गेलं किंवा उन्हात राहून पाण्यात प्रवाह सुरू झाले, की तळाची बारीक रेती वर येते आणि वाचताना प्रत्येक रेतीकण 'टक्' असा वाजतो.

भांड्याचं अंग मात्र रेती घातलेल्या मातीचंच ठेवा, भिंत सर्वत्र ७ ते ८ मिमी. रेती नसेल तर एवढं नळकांडं वाळताना वाकतं. अंग इतकं वाळू द्यायचं की बोटाने दाबल्यावर किंचित ठसा उमटेल, पण माती बोटाला लागणार नाही. त्यावर ०.३ ते ०.५ मिमी जाडीचा लेप. लेपाची चकाकी गेली की लगेच खाच काढायची. आधी काढली तर कडा ओघळून खाच भरते. उशीर झाला तर काटा माती कापत नाही, फाडतो, आणि कडेला उठलेली बुरशीसारखी कूस सगळा वरचा आवाज खाऊन टाकते. काटा साळिंदराचा घ्या, कठीण आणि हलका असतो. टोक दगडावर घासून गोल करा आणि लाखेने पडद्याला चिकटवा.

वाळवणं सावलीत, ओल्या गोणपाटाखाली, सात-आठ दिवस, रोज भांडं उलटंपालटं करून. मग भाजणी: १२० अंशांपर्यंत ताशी ५० अंश, तिथे दोन तास थांबायचं, ५५० पर्यंत ताशी १००, तिथून ६०० पर्यंत पुन्हा ५०, कारण ५७३ अंशांना रेतीतलं क्वार्ट्झ एकदम फुगतं आणि घाईत लेपाला केसासारख्या भेगा पडतात. मग ८५० पर्यंत ताशी १००, आणि अर्धा तास धरून ठेवायचं. एकूण बारा तास. थंड होतानाही ५७३ चा टप्पा सावकाश गेला पाहिजे. उघड्या आव्यात हे जमत नाही, तिथे तापमान तासा-दीड तासात चढतं. म्हणून भांडं मोठ्या रांजणात ठेवून वर झाकण, आणि रांजण आव्यात. राख आणि ज्वाळा खाचेला लागत नाहीत, हा जास्तीचा फायदा. पुरतानाही ते रांजणातच, तोंड बंद करून पुरलेलं दाखवा. दख्खनच्या मातीत चुन्याचे थर चढतात आणि ते खरवडणं म्हणजे आवाज खरवडणं.

कंपनसंख्या

आवाभट्टींनी माती चोख सांगितली आहे. मी तिसरा आणि चौथा प्रश्न घेतो.

२० सेंमी व्यास आणि १०० फेरे म्हणजे काट्याखालून माती सेकंदाला १.०५ मीटर सरकते. ७८ फेऱ्यांच्या जुन्या तबकडीच्या बाहेरच्या कडेला वेग साधारण एवढाच असतो, म्हणजे निवड योग्य आहे. १,००० हर्ट्झची लाट १.०५ मिमी लांब पडेल, ३,००० ची ०.३५ मिमी. दोन फेऱ्यांमध्ये अर्धा मिमी अंतर ठेवलं तर २५ सेंमीत ५०० फेरे, पाच मिनिटं, खाचेची लांबी ३१४ मीटर. पण तुम्हाला पाच मिनिटं मिळणार नाहीत, आणि त्याचं कारणच तुमच्या चौथ्या प्रश्नाचं उत्तर आहे.

आधी एक गैरसमज टाळा. भांडं भाजून १० टक्के आक्रसलं म्हणून आवाज चढत नाही. फेरा तो फेराच राहतो. त्याच गतीने फिरवलं की तोच स्वर येतो, फक्त लाटांची उंची १० टक्क्यांनी कमी होते, म्हणजे आवाज ०.९ डेसिबलने उतरतो. खरा उपद्रव दोन गोष्टींचा. भांडं वाकडं वाळून अक्ष १ मिमी सरकला, तर १०० मिमी त्रिज्येवर वेग प्रत्येक फेऱ्यात एक टक्का वर-खाली होतो. एक टक्का म्हणजे १७ सेंट (सेंट म्हणजे एका पट्टीचा शंभरावा भाग). प्रमाणश्रुती साडेएकवीस सेंटची असते, तेव्हा स्वर जवळजवळ श्रुतीभर हेलकावे खातो. दुसरी गोष्ट चाक. काठीने फिरवायचं जड चाक हळूहळू मंदावतं. ते ११० वरून ९० फेऱ्यांवर आलं, आणि ऐकताना तुम्ही स्थिर १०० ने वाचलं, तर बोलणाऱ्याचा स्वर पहिल्या वाक्यापासून शेवटच्यापर्यंत साडेतीन पट्ट्या चढत जाईल.

म्हणून आवाजाच्या शेजारी, त्याच क्षणी, त्याच मातीत घड्याळ कोरलं गेलं पाहिजे. हे खरोखर घडलेलं आहे. एदुआर-लेऑं स्कॉट द मार्तँव्हिल यांनी १८५७ मध्ये फोनोटोग्राफचं पेटंट घेतलं. काजळी धरलेल्या कागदावर आवाजाची रेघ उमटायची, परत ऐकायची सोय नव्हतीच. नळकांडं हाताने फिरवायचं, त्यामुळे वेग कधीच सारखा नसे. पण एप्रिल १८६० च्या रेखाटनांत त्यांनी आवाजाशेजारी नादकाट्याची (ठरावीक स्वरात कंपन पावणाऱ्या धातूच्या चिमट्याची, ट्यूनिंग फोर्कची) रेघही काढून ठेवली होती. २००८ मध्ये फर्स्ट साउंड्स या गटाने, लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेच्या मदतीने, त्यातलं लोकगीत ऐकवलं ते या दुसऱ्या रेघेच्या बळावर. नादकाट्याची प्रत्येक लाट सारख्या लांबीची होईपर्यंत चित्र ताणायचं-आखडायचं, की शेजारचा आवाज आपोआप सुरळीत होतो.

तुमच्या भांड्यात हेच करा. दोन काटे, दोन खाचा, आवाज आणि नादकाटा एकाआड एक. अंतर अर्धा मिमीच ठेवलं तर आवाजाचा फेरा एक मिमीने येतो: २५० फेरे, अडीच मिनिटं. २५६ हर्ट्झचा नादकाटा धरा. एका फेऱ्याला १५३.६ लाटा, प्रत्येक ४.१ मिमी. भांडं आक्रसलं, वाकलं, चाक मंदावलं, सगळं या लाटांत दिसतं आणि दुरुस्त होतं.

याचा दुसरा फायदा कथेला अधिक आवडेल. ओल्या लेपात नवी खाच काढताना आधीच्या फेऱ्याची भिंत किंचित दाबली जाते. त्यामुळे आधीच्या फेऱ्यात पुढचा आवाज क्षीणसा उमटतो, १०० फेऱ्यांना ०.६ सेकंद आधी. ३३⅓ च्या तबकडीवर गाणं सुरू होण्यापूर्वी १.८ सेकंद त्याची पुसट चाहूल लागते, ती याच कारणाने. एकच खाच असेल तर तुमच्या श्रोत्याला प्रत्येक शब्द उच्चारण्याआधी ऐकू येईल. मध्ये नादकाट्याची खाच आली, की हा दाब तिच्यावर पडतो, आणि एका ठरावीक कंपनसंख्येतून तो गाळून टाकणं सोपं असतं.

अडचण एकच: नादकाटा मातीला टेकला की क्षणात थांबतो. स्कॉट यांच्या काजळीला घर्षण जवळजवळ नव्हतं, मातीला आहे. एकदा ठोकून चालणार नाही. पितळी नादकाट्यावर गज फिरवत राहणारा दुसरा माणूस लागेल, सारंगीवर फिरवतात तसा. फुंकून वाजणारी जिव्हाळी घेऊ नका, फुंकीचा जोर बदलला की तिचा स्वर बदलतो.

नादखापर

दोघांचेही आभार. दोन खाचांची रचना कथेत घेतोच. पण १,८०० वर्षांनी वाचणाऱ्याला काटा २५६ चा होता हे कसं कळणार? त्या काळी हर्ट्झ हे एकक नाही. काटा सोबत पुरला तर?

कंपनसंख्या

पुरलेला काटा गंजतो. गंजून भुजा पातळ झाल्या की कंपनसंख्या उतरते, कारण ती भुजेच्या जाडीच्या सम प्रमाणात आणि लांबीच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असते. लांबी-जाडी दगडावर कोरून ठेवली तरी धातूचं मिश्रण नेमकं काय होतं, हा प्रश्न उरतोच. याच जागी फार मोठी चूक होऊ शकते. २००८ मध्ये ते फ्रेंच गीत आधी दुप्पट वेगाने वाजवलं गेलं आणि लोकांना मुलीचा किंवा बाईचा आवाज वाटला. स्कॉट यांनी काटा ५०० कंपनांचा म्हटला होता, पण त्या काळच्या फ्रेंच पद्धतीत एक जाणं आणि एक येणं वेगवेगळं मोजत. म्हणजे काटा २५० हर्ट्झचा. २००९ मध्ये वेग निम्मा केल्यावर सावकाश गाणारा पुरुष ऐकू आला, बहुधा स्कॉट स्वतःच.

तेव्हा नादकाटा फक्त वेग सारखा करण्यासाठी. खरा काळ कळण्यासाठी असं काही हवं, जे १,८०० वर्षांत बदलत नाही आणि ज्याला एककाची गरज नाही. गुरुत्वाकर्षण. गवंड्याचा ओळंबा घ्या. दोरीची लांबी एका दगडावर रेघेने कोरा आणि तो दगड रांजणात ठेवा. ओळंबा झुलताना मध्यबिंदू ओलांडेल, तेव्हा दोरी एका हलक्या तरफेला स्पर्श करेल आणि नादकाट्याच्या खाचेत एक टिंब पडेल. १ मीटरची दोरी असेल तर तेरच्या अक्षांशावर पूर्ण झोका २.००९ सेकंदांचा, आणि त्यात मध्यबिंदू दोनदा ओलांडला जातो. वाचणारा रेघ मोजतो, झोक्याचा काळ काढतो, एक टिंब सोडून पुढच्या टिंबापर्यंतच्या नादकाट्याच्या लाटा मोजतो, आणि काट्याची कंपनसंख्या त्याला आपोआप मिळते. मीटरमध्ये एका मिलिमीटरची चूक झाली तरी काळात फरक ०.०५ टक्के, म्हणजे एका सेंटहून कमी. झोका मात्र लहान ठेवा, दोन्ही बाजूंना ५ अंशांच्या आत. १० अंशांना काळ ०.१९ टक्क्यांनी वाढतो. वजन दोनेक किलोचं असू द्या, नाहीतर तरफेच्या स्पर्शाने झोका अडीच मिनिटांत मरतो.

काळा पाषाण

एक सूचना. माती कशाला? बेसाल्ट थंड होताना त्यातलं मॅग्नेटाइट (चुंबकीय लोहखनिज) ५८० अंशांच्या खाली आलं की त्या वेळचं चुंबकीय क्षेत्र धरून ठेवतं. दख्खनच्या खडकांचा बराच मोठा भाग उलटं क्षेत्र धरून आहे, साडेसहा कोटी वर्षांपासून. मग खडकातच आवाज चुंबकीय रूपात साठवता येणार नाही का?

कंपनसंख्या

काळ साठेल, आवाज साठणार नाही. एक मीटर खडक थंड व्हायला साधारण १२ दिवस लागतात, म्हणजे थंडाव्याची आघाडी सेकंदाला सुमारे एक मायक्रॉन सरकते. २५० हर्ट्झची लाट ४ नॅनोमीटरची होईल, आणि मॅग्नेटाइटचा चुंबकत्व टिकवणारा कण त्याहून कितीतरी मोठा असतो. एकाच कणात अनेक लाटा कोंबल्या जातात आणि काहीच उरत नाही. चुंबकीय मार्ग हवाच असेल तर सरकती पोलादी तार घ्या. डॅनिश अभियंता पोउल्सेन यांनी १८९८ मध्ये तेच केलं, आणि १९०० च्या पॅरिस प्रदर्शनात त्यांच्या यंत्रावर घेतलेला ऑस्ट्रियाच्या सम्राटाचा आवाज आजही ऐकता येतो. पण पुरलेली तार १,८०० वर्षांत गंजून माती होईल. भाजलेली माती गंजत नाही.

स्तरमापन

पाचवा प्रश्न माझ्या विषयातला आहे, आणि वरच्या रचनेत त्याचं उत्तर जवळजवळ तयार आहे.

भाजलेलं भांडं स्वतःच घड्याळ असतं. मातीतलं आणि सभोवतालचं युरेनियम, थोरियम, पोटॅशियम सतत किरणं सोडतं. त्यामुळे सुटलेले इलेक्ट्रॉन क्वार्ट्झच्या स्फटिकातल्या दोषांत अडकत जातात. भाजताना तापमान ५०० अंशांपुढे गेलं की ते सगळे सुटतात, घड्याळ शून्यावर येतं आणि तिथून पुन्हा साठा सुरू होतो. प्रयोगशाळेत कण तापवले की अडकलेले इलेक्ट्रॉन सुटताना प्रकाश देतात. प्रकाशावरून एकूण मात्रा काढायची, तिला वर्षाच्या मात्रेने भागायचं, की वय मिळतं. समजा एकूण ५.४ ग्रे (ग्रे हे किरणांच्या मात्रेचं एकक) आणि वर्षाला ३ मिलिग्रे, तर १,८०० वर्षं. अहमदाबादच्या भौतिक संशोधन प्रयोगशाळेत या प्रकारचं कालमापन होतं, तुमचं पात्र तिथे नमुना पाठवू शकतं.

यासाठी लागतात ते ९० ते १५० मायक्रॉनचे क्वार्ट्झचे कण. आवाभट्टींनी लेपातून जी रेती कटाक्षाने काढायला सांगितली, तीच. म्हणून अंग रेतीचं आणि लेप बारीक, ही दोन थरांची रचना तुमच्या तंत्रज्ञानाचा गाभा समजा. लेपात सेकंदाचे अंश राहतात, अंगात शतकं. कारागिराला दुसऱ्या घड्याळाची कल्पनाही असण्याची गरज नाही.

मर्यादा नीट पाळा. चूक ५ ते १० टक्क्यांची असते, म्हणजे १,८०० वर्षांना ९० ते १८० वर्षं अलीकडे-पलीकडे. 'अमुक राजाचं तिसरं वर्ष' असं भांडं सांगणार नाही. त्यासाठी रांजणात नाणं ठेवा, किंवा कोळशाचा तुकडा ठेवून कार्बन-१४ वरून काही दशकांपर्यंत या. दुसरं, हे घड्याळ शेवटच्या तापण्यापासून मोजतं. मधल्या काळात घर जळून रांजण ५०० अंशांना तापला असेल, तर वय त्या आगीचं येईल. तुम्हाला कथेत एखादी चकवणारी तारीख हवी असेल, तर हा प्रामाणिक मार्ग आहे.

उत्खननातला क्रम चुकवू नका. भांडं निघताच त्याच्या भोवतीची ३० सेंमीपर्यंतची माती ओलाव्यासह हवाबंद पिशवीत घ्यायची, कारण गॅमा किरणं तेवढ्या अंतरावरून येतात आणि ओल असेल तर ती अडतात. दख्खनच्या बेसाल्टी मातीत किरणोत्सारी मूलद्रव्यं कमी असतात, तेव्हा वर्षाची मात्रा अंदाजाने धरून चालत नाही, मोजावीच लागते. मग मंद लाल उजेडात भांड्याच्या तळातून, जिथे खाच नाही, भोक पाडून भुकटी काढायची. वरचे दोन मिमी टाकून द्यायचे. सीटी स्कॅन त्यानंतर. आधी सीटी केलं तर क्ष-किरणांची मात्रा नमुन्यात मिसळते आणि भांडं खोटं म्हातारं होतं.

सीटीवरून आवाज वाचता येईल अशी आशाही नको. २० सेंमीची वस्तू पूर्ण चौकटीत घेतली तर एक बिंदू ५० ते १०० मायक्रॉनचा पडतो. खाचेतल्या लाटेची उंची २० मायक्रॉनची.

कंपनसंख्या

बरोबर. वाचन प्रकाशानेच करा. बर्कली प्रयोगशाळेत मेणाच्या जुन्या नळकांड्यांसाठी स्पर्श न करता खोली मोजणारी पद्धत कार्ल हेबर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी विकसित केली, तिचाच नमुना धरा. खाचेवर दर २० मायक्रॉनला एक मोजणी, म्हणजे मूळ ६२८ मिमीच्या फेऱ्याला ३१,४०० मोजण्या. खोलीची अचूकता ०.१ मायक्रॉन हवी.

आता ऐकू काय येईल. भाजलेल्या लेपाचा खडबडीतपणा १ मायक्रॉन धरला आणि लाट २० मायक्रॉनची, तर आवाज खरखरीच्या २६ डेसिबल वर. खाचेच्या भिंतीवर एकाऐवजी १६ ओळी मोजून सरासरी काढली तर आणखी १२ डेसिबल मिळतात. हे खालच्या स्वरांचं झालं. काट्याचा वेग तोच असेल तर कंपनसंख्या दहापट झाल्यावर लाट दहावा हिस्सा उरते. २५० हर्ट्झला २० मायक्रॉन, २,५०० ला २, आणि स, च यांची सळसळ मुख्यतः ४,००० च्या वर असते, तिथे एक-सव्वा मायक्रॉन किंवा त्याहून कमी. ती खरखरीत बुडणार. ख आणि क मधला श्वासही जाणार. 'साखर' आणि 'चाकर' या भांड्यातून जवळजवळ सारखेच ऐकू येतील. स्वर, म-न-ल-र आणि लय मात्र चांगली येईल.

म्हणजे तुमचं वाक्य स्वरांवर उभं असलं पाहिजे. त्या काळची बोली महाराष्ट्री प्राकृत, आणि तिने दोन स्वरांमधली कितीतरी व्यंजनं आधीच गाळलेली, 'लोक'चं 'लोअ' झालेलं. मातीला झेपेल असंच ते बोलणं आहे, पण एकाच ध्वनीचे अनेक अर्थ निघतील. तज्ज्ञ पात्रांत वाद दाखवायचा असेल तर तो इथे दाखवा, वेगाबद्दल नको. वेग ओळंब्याने पक्का केलेला आहे.

नादखापर

शेवटचं एक. भांडं अखंड सापडणं फार सोयीचं वाटतं. फुटलेलं आणि एक तुकडा हरवलेला दाखवला, तर एखादा शब्द पूर्ण जाईल ना?

आवाभट्टी

आधी जोडणीबद्दल. तुकडे ब्रशने घासून धुऊ नयेत. मृदू (कमी क्षारांच्या) पाण्यात बुडवून माती सुटू द्यायची आणि सावलीत वाळवायचं. वाचन जोडण्याआधी, प्रत्येक तुकड्याचं वेगळं. जोडताना गोंद खाचेत ओघळला तर तो काढताना लेप निघतो.

कंपनसंख्या

शब्द जाणार नाही. ३ सेंमी रुंद आणि ३ सेंमी उंच तुकडा हरवला असं धरा, मोजमाप मूळ भांड्याचं. रुंदीने तो प्रत्येक फेऱ्यातले २९ मिलिसेकंद नेतो, उंचीने असे ३० फेरे. म्हणजे १८ सेकंदांच्या बोलण्यात दर ०.६ सेकंदाला २९ मिलिसेकंदांची फट. असं बोलणं कानाला तुटक लागतं, पण समजतं. एखाद्या शब्दाच्या सुरुवातीचं व्यंजन नेमकं फटीत पडलं तर तेवढं जाईल, आणि ते पुढच्या फेऱ्यात परत मिळणार नाही.

जोडणीची खूणही नादकाटाच देतो. फटीच्या दोन्ही बाजूंना लाट कुठल्या टप्प्यावर आहे ते पाहायचं. मधे ७.३ लाटा बसायला हव्यात. ६.९ बसत असतील तर तुकडे गरजेपेक्षा जवळ चिकटवलेत, सुमारे दीड मिलिमीटरने.